फ्रान्समधला संकलक घडायचा कसा

फ्रेंच चित्रपटांत संकलक म्हणून बाईचं नाव दिसणं ही जुनीच गोष्ट. मूकपटांच्या काळात फिल्मचे तुकडे जोडायला मुली बसवत. हात नाजूक हवेत असं सांगत, खरं तर त्यांना मजुरी कमी द्यावी लागे. ध्वनी आल्यावर काम अवघड झालं, तरी बायका त्या खोलीत टिकल्या. १९३९ च्या 'ला रेग्ल द्यु ज्य'चं संकलन मार्गरीत रन्वार यांचं. मारी-जोझेफ योयोत यांनी दिग्दर्शक त्रुफोचा 'ले कात्र सां कू' (१९५९) संकलित केला, तसाच दिग्दर्शिका युझाँ पाल्सी यांचा 'र्‍यू काझ-नेग्र'ही (१९८३). संकलनाचा 'सेझार' हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार योयोत यांना तीनदा मिळाला.

चित्रपटशाळा होती. १९४० च्या दशकात पॅरिसमध्ये 'इदेक' निघाली, १९८६ मध्ये तिच्या जागी 'फेमिस' आली. पण हात तयार व्हायचा तो संकलनाच्या खोलीतच: आधी उमेदवार, मग दुसरा सहायक, पहिला सहायक आणि शेवटी मुख्य संकलक.

सहायकाचं काम वरवर हमालीचं. शॉटच्या सुरुवातीला वाजवतात त्या क्लॅपची (पाटीची) फट्‌कन मिटलेली फ्रेम आणि चुंबकीय ध्वनिपट्टीवरचा तो ठोका, दोन्हींवर खूण करून चित्र आणि आवाज जुळवायचा. ३५ मिमीच्या एका फुटात १६ फ्रेम असतात, सेकंदाला २४ जातात. चित्रातून दोन फ्रेम काढल्या आणि ध्वनिपट्टीतून काढायच्या राहिल्या, तर तिथून पुढे रिळाच्या शेवटापर्यंत ओठ आणि शब्द जुळत नाहीत. उरलेले तुकडे, अगदी तीन-चार फ्रेमचेही, दृश्य, शॉट आणि टेकचा क्रमांक लिहून टांगणीला, म्हणजे तुकडे लटकवायच्या आकड्यांना, लावायचे. कारण आठवड्याभराने मुख्य संकलक हमखास म्हणणार, 'त्या शॉटच्या चार फ्रेम परत द्या.' तुकडा हरवला की फिल्मच्या काठावरचे आकडे पाहून प्रयोगशाळेतून नवी प्रिंट मागवायची. तोवर काम तुंबलेलं. पूर्वी 'सिमेंट' म्हणत त्या फिल्मच्या गोंदाने जोडताना दर जोडाला फ्रेम वाया जाई, त्यामुळे कापण्याआधी दहादा विचार होई. पारदर्शक चिकटपट्टीच्या जोडयंत्रांनी ही धास्ती संपवली. तुकडा शोधता शोधता सहायक निर्णय ऐकत असे: हा टेक का गेला, इथे अर्धा सेकंद आधी का कापलं.

टीव्हीने नियमित काम दिलं. 'ओएरतेएफ' या सरकारी रेडिओ-टीव्ही संस्थेत संकलकांना पगारी जागा होत्या. १९७५ मध्ये ती संस्था सात तुकड्यांत वाटली गेली. टीव्हीचा वेग सेकंदाला २५ फ्रेम, त्यामुळे १०० मिनिटांचा चित्रपट छोट्या पडद्यावर ९६ मिनिटांत आटोपतो. आवाज दुरुस्त केला नाही तर तो किंचित चढलेला ऐकू येतो.

१९९० च्या दशकात संगणकावर संकलन करायचं 'ॲव्हिड' आलं आणि टांगणी गेली. सहायकाचं काम उरलं फायली चढवण्याचं आणि नावं देण्याचं. ते रात्री किंवा शेजारच्या खोलीतही होतं, म्हणून निर्मात्यांनी त्याच्या कामाचे आठवडे सगळ्यात आधी कापले. आमच्या मते कात्रीची जागा संगणकाने घेतली ही हानी नव्हे. शिकणारा खोलीबाहेर गेला, ही खरी हानी.

त्यात बेरोजगारी भत्त्याचा हिशेब. कंत्राटी तंत्रज्ञाला भत्त्यासाठी ठरावीक मुदतीत ५०७ तास भरावे लागतात, म्हणजे ३५ तासांच्या आठवड्याने साधारण साडेचौदा आठवडे. २००३ मध्ये तंत्रज्ञांची ही मुदत १२ वरून १० महिन्यांवर आली. त्याविरुद्ध झालेल्या त्या वर्षीच्या संपामुळे आविन्योंचा नाट्यमहोत्सव रद्द झाला. १२ महिने परत मिळाले ते २०१६ मध्ये. सहायकाला एका चित्रपटावर दोन-तीनच आठवडे मिळाले, तर ही बेरीज जमवायला वर्षाला पाच-सात कामं लागतात. आणि मुख्य संकलकाच्या मागे बसून, कराराविना, नुसतं पाहण्याचे तास या बेरजेत धरत नाहीत.