'शोला जो भडके'मधला ट्रम्पेट कोणाचा? चिक चॉकलेटची पार्श्वभूमी

इथं नागपूरच्या देशपांडे हॉलमध्ये जुन्या गाण्यांचा ऑर्केस्ट्रा असला की 'अलबेला'तलं 'शोला जो भडके' होतंच आणि पब्लिक वन्स मोअर देतंच. निवेदक लतादीदींचं नाव घेतो, भगवानदादांचं घेतो, संगीतकार सी. रामचंद्रांचं तर घेतोच, पण त्या गाण्याला तो बाज ज्याच्यामुळे आला त्या ट्रम्पेटवाल्या चिक चॉकलेटचं नाव मी नागपूरच्या स्टेजवरून एकदाही ऐकलं नाही आणि ते मला फार लागतं, म्हणून हे लिहितोय.

माणूस गोव्याचा, हळदोण्याचा, जन्म १९१६, खरं नाव अँटोनिओ झेवियर वाझ. पोर्तुगीज काळात गोव्यात चर्चच्या शाळेत पोरांना व्हायोलिन आणि पाश्चात्त्य नोटेशन शिकवायचे, त्यामुळे कागदावरचे सूर बघून सरळ वाजवणारी मंडळी तिथं पिढ्यान् पिढ्या तयार होत गेली आणि पोटासाठी मुंबईला आली. चिक ट्रम्पेटवाला, अमेरिकेतल्या जॅझवाल्या लुई आर्मस्ट्राँगच्या वळणाचा, लोक त्याला भारताचा आर्मस्ट्राँगच म्हणायचे. चाळीसच्या दशकात मुंबईच्या ताज हॉटेलात त्याचा स्वतःचा बँड होता.

आता यात नागपूर कुठून आलं? तर सी. रामचंद्र, म्हणजे राम चितळकर, लहानपणी इथंच शंकरराव सप्रे गुरुजींकडे गाणं शिकले, आणि हॉलला ज्यांचं नाव आहे ते वसंतराव देशपांडेही त्याच गुरुजींचे शिष्य! चाल बांधायची तालीम अशी आपल्या मातीतली, पण त्यांना गाण्यात जॅझ आणि लॅटिन ठेका हवा होता, तिथं चिक असिस्टंट म्हणून आला. म्युझिक डायरेक्टर पेटीवर चाल ऐकवणार, मग सुरुवातीचा पीस कोणता, दोन कडव्यांच्या मधे सॅक्सोफोन काय वाजवणार, ट्रम्पेट कुठं उठणार हे ठरवून प्रत्येक वादकाचा कागद वेगळा लिहायचा आणि वर स्वतः उभं राहून वाजवायचं, असं हे काम. रेकॉर्डवर नाव मात्र गायकाचं आणि संगीतकाराचं, वादकाला त्या चकतीवर जागाच नव्हती.

'अलबेला' आला १९५१ मध्ये. त्यातल्या नाचगाण्यात झालरीचे शर्ट घातलेला बँड दिसतो ना, तो चिकचाच. त्याच वर्षी देव आनंद-मधुबालाच्या 'नादान'ला त्यानं स्वतः संगीत दिलं, तलतचं 'सारी दुनिया को पीछे छोडकर' त्यातलंच. मला विचाराल तर एवढ्या एका गाण्यावरही त्याचं नाव राहायला पाहिजे होतं, पण संगीतकार म्हणून त्याचं बस्तान काही बसलं नाही.

तो १९६७ मध्ये गेला, जेमतेम पन्नाशी गाठलेली. त्याच्या आदल्याच वर्षीच्या 'आखरी खत'मध्ये 'रुत जवां जवां' हे क्लबातलं गाणं आहे, गाणारा पोरगा म्हणजे भूपिंदर, आणि बाजूला ट्रम्पेट ओठाला लावून उभा आहे तो चिक चॉकलेट.