तेरियाकी की साइक्यो-याकी? पाक चढवलेला मासा आणि मुरवलेला मासा

दोन ताटल्यांत भाजलेल्या माशाची एकेक तुकडी. दोन्हींचा रंग तपकिरी, चव गोड-खारट, सोबत वाफाळता भात. जपानी जेवणाशी ओळख नवी असेल तर यातली एक तेरियाकी आणि दुसरी साइक्यो-याकी, हे कुणी सांगितलं तरी फरक चटकन लक्षात येत नाही. ‘मिसो तेरियाकी’ (मिसो म्हणजे सोयाबीन आंबवून केलेला दाट, खारट लगदा) असं दोघांना एकत्र बांधलेलं नावही मी मेनूकार्डवर वाचलं आहे. मला ते खटकतं, कारण हे दोन मासे शिजवण्याची रीत जवळजवळ उलटी आहे. एकाची रीत दुसऱ्याला लावली की मासा हमखास बिघडतो.

जरा जवळून पाहा. तेरियाकीची तुकडी चकचकते, आरशासारखी. बोट लावलं तर चिकटेल. साइक्यो-याकीच्या तुकडीला अशी चमक नसते. ती सोनेरी असते, कडेला आणि मध्ये कुठेकुठे गडद डाग पडलेले. तेरियाकी मोडली तर वरचा पातळ थर गोड आणि आतला मासा त्याच्या मूळ चवीचा, पांढरा. साइक्यो-याकी मोडली तर चव आतपर्यंत सारखी, आणि मासाच्या पाकळ्या घट्ट, ओलसर, एकेक सुटणाऱ्या.

आपल्या स्वयंपाकघरातली उपमा द्यायची तर तेरियाकी म्हणजे पाकातला चिरोटा आणि साइक्यो-याकी म्हणजे मुरलेलं लोणचं. एकात गोडी शेवटी वरून चढते. दुसऱ्यात ती आधी आत जाते आणि विस्तवावर ठेवण्यापूर्वी बाहेरची पुसून टाकायची असते. बाकीचे सगळे फरक इथूनच निघतात.

‘तेरी’ म्हणजे चकाकी आणि ‘याकी’ म्हणजे भाजलेलं. नावात मसाला नाही, मुरवण नाही, फक्त चमक आहे. सोया सॉस, मिरिन, साके ही तांदळाची दारू आणि थोडी साखर एवढंच त्या चमकेचं सामान. मिरिन ही चिकट भात, कोजी (बुरशी चढवलेला भात) आणि शोचू नावाची दारू यांपासून बनणारी गोड, सोनेरी दारू. तिच्यात अल्कोहोल साधारण १४ टक्के असतं आणि गोडी भाताच्या स्टार्चची साखर होऊन आलेली असते. या साखरांमुळेच नुसत्या साखरेपेक्षा तिची चमक सुरेख येते. एदो शहरात, म्हणजे आजच्या टोकियोच्या पूर्वावतारात, नोदा आणि चोशी इथला गडद सोया सॉस आणि शेजारच्या नागारेयामाची मिरिन सहज मिळे. पूर्व जपानची ही गडद, गोड-खारट चव त्या मातीतली आहे.

जुन्या पद्धतीत मासा सळईवर लावून आधी कोराच भाजतात. साधारण तीन-चतुर्थांश शिजला की आटवलेला रस ब्रशने लावायचा, विस्तवावर सुकू द्यायचा, पुन्हा लावायचा. दोन-तीन हात दिले की थरावर थर बसून ती लकाकी येते. घरोघरी मात्र फ्रायपॅन वापरतात. तुकड्यांना मैद्याचा अगदी हलका हात लावून दोन्ही बाजूंनी परततात, सुटलेलं तेल पुसून घेतात, मग रस ओतून मासा त्यात उलटसुलट करत आटवतात. इथे आपल्याला पाकाचा अनुभव उपयोगी पडतो. रसाचे बुडबुडे मोठे आणि संथ झाले, चमचा फिरवल्यावर पॅनचा तळ क्षणभर दिसू लागला, की गॅस बंद करायचा. मासा गार होताना रस आणखी घट्ट होतो, म्हणून एकतारीच्या अलीकडेच थांबलेलं बरं. चार तुकड्यांना दोन-दोन मोठे चमचे सोया सॉस, मिरिन आणि साके, वर एक लहान चमचा साखर पुरते. आपल्या चायनीज गाड्यांवरचा काळा डार्क सोया सॉस इथे घालू नका. त्यातल्या कॅरॅमलच्या रंगाने मासा काळा दिसतो आणि चमक मरते.

मग तेरियाकी मुरवायची, ही समजूत कुठून आली? बरीचशी समुद्रापलीकडून. हवाईत गेलेल्या जपानी लोकांनी तिथल्या अननसाचा रस, आलं, लसूण त्यात घातलं आणि मांस त्यात भिजवायला सुरुवात केली. सिअ‍ॅटलमध्ये १९७६ साली तोशी कासाहारा यांनी ‘तोशीज तेरियाकी’ सुरू केलं आणि त्या शहरात कोंबडीची तेरियाकी हे रोजचं खाणं होऊन गेलं. कोंबडीला हे भिजवणं झेपतं. माशाला, आणि त्यातही ताज्या अननसाच्या रसात, अजिबात झेपत नाही. अननसातलं ब्रोमेलिन हे प्रथिनं तोडणारं विकर माशाच्या नाजूक मासाचा लगदा करून टाकतं.

आता दुसरी ताटली. ‘साइक्यो’ म्हणजे पश्चिमेची राजधानी. १८६८ साली एदोचं नाव टोकियो, म्हणजे पूर्वेची राजधानी, असं झालं आणि सम्राटही तिकडे गेले. तेव्हा मागे राहिलेल्या क्योतोला हे नाव चिकटलं आणि तिथल्या फिकट, गोड मिसोलाही. हा मिसो सोयाबीनपेक्षा भाताची कोजी कितीतरी जास्त घालून, थोड्याच दिवसांत तयार करतात. कोजी म्हणजे ‘अस्परजिलस ओरायझी’ ही बुरशी चढवलेला भात. तिची विकरं भाताच्या स्टार्चची साखर करतात, म्हणून हा मिसो मुळातच गोड. क्योतो समुद्रापासून आत आहे. वाकासा उपसागराची मासळी मीठ लावून ‘साबा काइदो’, म्हणजे बांगड्याच्या रस्त्याने, डोंगर ओलांडून सत्तरेक किलोमीटर चालत यायची. अशा गावात मासा टिकवून, मुरवून खाण्याची कला रुजली नसती तरच नवल.

रीत अशी. तुकड्यांना हलकं मीठ लावून अर्धा तास ठेवायचं. पाणी सुटतं, आणि त्याबरोबर हिवसपणाही बराचसा जातो. ते कापडाने टिपून घ्यायचं. अर्धा किलो माशाला पाव किलो साइक्यो मिसो, त्यात दोन-तीन मोठे चमचे मिरिन आणि एक चमचा साके कालवायचं. डब्यात खाली मिसो, त्यावर पातळ मलमल, त्यावर तुकड्या, वर पुन्हा मलमल आणि मिसो. मलमल असली की पुसायचं काम सोपं होतं. फ्रिजमध्ये दोन दिवस, जाड तुकडी असेल तर तीन. मिसो माशातलं पाणी ओढून घेतो म्हणून मास घट्ट होतं. त्याच वेळी कोजीची प्रथिनं तोडणारी विकरं ते मऊही करत असतात. घट्ट आणि मऊ एकाच वेळी, हे वाचताना विचित्र वाटतं, पण पहिल्या घासाला समजतं.

एक प्रश्न मला बरेच दिवस छळत होता. मिसोही खारट, सोया सॉसही खारट. मग मिसोत दोन दिवस चालणारा मासा सोया सॉसमध्ये रात्रभर का चालत नाही? मी सुरमई तेरियाकीच्या रसात रात्रभर ठेवली होती. सकाळी ती आक्रसलेली होती आणि भाजल्यावर सुक्या मासळीसारखी खारट, चिवट लागली. उत्तर मिठाच्या आकड्यांत आहे. जपानी गडद सोया सॉसमध्ये मीठ साधारण १६ टक्के असतं. रोजच्या सारातल्या बहुतेक मिसोंत १२ टक्क्यांच्या आसपास. साइक्यो मिसोत मात्र जेमतेम ५ टक्के. शिवाय सॉस पातळ, तो झरकन आत शिरतो, तर मिसो दाट असल्याने सावकाश. म्हणून बाजारात मिळेल तो लाल मिसो घेऊन साइक्यो-याकी करायला जाऊ नका. तोच हाताशी असेल तर वेळ निम्म्यावर आणा आणि साखर, मिरिन वाढवा. चव चांगली येईल, फक्त ती साइक्योची नसेल.

सोया सॉसमध्ये मासा मुरवण्याची रीत जपानमध्येही आहे, तिला युआन-याकी म्हणतात. सॉस, मिरिन, साके समसमान आणि वर युझू या आंबट फळाच्या चकत्या. पण तिथे वेळ मिनिटांत मोजतात. अर्धा तास, फार तर तासभर.

दुसरा फरक विस्तवाचा, आणि इथे माझा पहिला मासा गेला. मी मिसो तसाच वर ठेवला, तेरियाकीसारखाच शेवटी चमकेल या आशेने, आणि आच मोठी केली. पाच मिनिटांत बाहेरून कोळसा, आतून कच्चा. साखर आणि अमिनो आम्लं दोन्ही मिसोत ठासून भरलेली, त्यामुळे तो सोया सॉसच्या रसापेक्षाही लवकर करपतो. तेरियाकीत गोडी शेवटच्या दोन मिनिटांत येते म्हणून आधी मोठी आच चालते. साइक्यो-याकीत गोडी पहिल्या क्षणापासून माशात आहे. म्हणून मिसो नीट पुसायचा, धुवायचा नाही, आणि आच मंद ठेवायची. जपानी स्वयंपाकी भाजण्याबद्दल ‘जोरदार विस्तव, पण लांबून’ असं सांगतात. गोड मुरवलेल्या माशाला यातलं ‘लांबून’ फार महत्त्वाचं. घरी ओव्हनचा वरचा कॉइल लावून जाळी मधल्या खाचेत ठेवली की जमतं. ओव्हन नसेल तर तव्यावर बेकिंगचा कागद पसरून त्यावर तुकडी ठेवावी, झाकण घालून मंद आचेवर शिजवावी आणि शेवटी झाकण काढून रंग आणावा. कडा काळवंडू लागल्या तर त्यावर फॉइलचा तुकडा ठेवावा.

मासा कुठला? तेरियाकीचा मानकरी बुरी, म्हणजे यलोटेल, हिवाळ्यात चरबीने भरलेला. साइक्यो-याकीला जपानमध्ये सावारा आणि मानागात्सुओ हे जुने मासे, आणि अलीकडे गिंदारा. आपल्या कोळणींकडच्या पाट्या आठवा. सावारा ही आपल्या सुरमईची सख्खी चुलत बहीण, एकाच ‘स्कॉम्बेरोमोरस’ वंशातली. मानागात्सुओ आपल्या पापलेटच्याच ‘पाम्पस’ वंशातला. म्हणजे क्योतोच्या या पदार्थासाठी लागणारी मासळी ससून डॉकवर किंवा मालवणच्या बाजारात आधीच पडलेली आहे, परदेशी गोठवलेला मासा शोधत बसायची गरज नाही. न्यू यॉर्क आणि लॉस एंजेलिसच्या नोबू मात्सुहिसा यांच्या हॉटेलांमुळे जगभर गाजलेला ‘ब्लॅक कॉड विथ मिसो’ हा याच रीतीचा, साखर वाढवलेला अवतार. त्यातला मासा गिंदाराच, आणि तो खरं तर कॉड नाहीच. तसाच आपला रावसही सॅमन नाही, ‘इंडियन सॅमन’ हे नाव काहीही सांगो. सॅमनची चरबी त्यात नसते, म्हणून रावस तेरियाकीला चांगला आणि मिसोला दीड दिवस पुरे. बोंबील मात्र दोन्हींपासून लांब ठेवा. त्याच्यातलं पाणी कुठल्याच पाकाला टिकू देत नाही.

आपली मुरवणाची सवय, हळद-मीठ-आगळ, इथे आणू नये. आंबटाने मास आधीच पांढरं आणि ठिसूळ होतं, मग मिसोला करायला काही उरत नाही. लिंबू पिळायचं तर भाजून झाल्यावर.

आणि फ्रिजबद्दल कळकळीने सांगतो. सुरमई, बांगडा, टुना या मासळीत थंडावा तुटला की जिवाणू हिस्टामिन तयार करतात. अंग लाल होतं, डोकं ठणकतं. हिस्टामिन भाजल्याने जात नाही आणि मिसोच्या ५ टक्के मिठाने अडतही नाही. म्हणून दोन दिवस मुरवायचा मासा त्याच दिवसाचा, बर्फात आणलेला हवा आणि डबा ४ अंशांच्या खाली, फ्रिजच्या दारात नाही तर आतल्या कप्प्यात. मासा ताजा आहे, पण दोन दिवस टिकेल याची खात्री नसेल, तर त्याच दिवशी तेरियाकी करा. ती अर्ध्या तासात ताटात येते.

डब्यात न्यायला मात्र साइक्यो-याकीच. तेरियाकीचा थर गार झाला की चिकट होतो आणि खालच्या भातात उतरतो. मिसोतला मासा गार झाल्यावर आणखी चवदार लागतो, आणि दुपारी डबा उघडल्यावर शेजारचे नाक मुरडत नाहीत. उरलेला मिसो टाकू नका. माशाचं पाणी प्यायलेला असल्याने कच्चा वापरायचा नाही, पण वांग्याच्या चकत्या तेलावर परतून त्यात हा मिसो घालून चांगला शिजवला, की दुसऱ्या दिवशीची भाजी तयार.