खिडकीतून टाकलेला रुमाल

स्वारगेटला एसटी फलाटाला पुरती लागायच्या आधीच तिच्या खिडक्यांतून रुमाल, टॉवेल, पिशव्या, क्वचित एखादी टोपी आत पडायला लागते. मग दारात रेटारेटी. कोपरं, बॅगा, ‘अहो, उतरू तर द्या’. या धुमश्चक्रीतून आत शिरलेला माणूस रिकाम्या सीटपाशी येतो, तिच्यावर पडलेला रुमाल बघतो आणि मुकाट पुढे सरकतो. रुमाल वीस रुपयांचा, त्याचा मालक अजून खाली धक्के खातोय, आणि या आरक्षणाला कुठल्याही कायद्याचा आधार नाही.

माझ्या एका प्राध्यापक मित्राला मी याचं कारण विचारलं. तो म्हणाला, ‘संस्कार.’ मला हे पटलं नाही. संस्कारच असते तर अर्ध्या मिनिटापूर्वी दारात ते कुठे गेले होते? माणसं तीच, गाडी तीच. दाराशी लढाई आणि सीटपाशी शांतता. फरक माणसांच्या स्वभावात नसणार, दुसरीकडेच कुठेतरी असणार.

ऑक्सफर्डजवळच्या विथॅमच्या जंगलात निक डेव्हिस या प्राणिशास्त्रज्ञानं असाच प्रकार फुलपाखरांत पाहिला होता. दाट झाडीतून जमिनीवर उन्हाचे कवडसे पडतात. तिथे माद्या येतात, म्हणून नर कवडसा धरून बसतो. दुसरा नर आला की दोघं गिरक्या घेत थोडे वर उडतात आणि काही सेकंदांत उपरा निघून जातो. आधी बसलेला जिंकतो, नंतर आलेला हरतो. डेव्हिसनं मालकाला काही वेळासाठी पकडून ठेवलं आणि उपऱ्याला तिथे बसू दिलं, तेव्हा निकाल उलटा लागला: जुना मालक परत आला तो आता उपरा ठरला आणि हरला. हे १९७८ सालचं. पुढे काही संशोधकांनी शंका काढली की बसलेला नर उन्हानं तापलेला असतो, म्हणून जिंकत असेल. ती शंका रास्त आहे. पण ‘आधी आला त्याचं’ हा नियम कुणीही न शिकवता टिकू शकतो का, हा प्रश्न फुलपाखरांच्या पलीकडचा आहे आणि त्याचं उत्तर कागदावर काढता येतं.

ते गणित १९७३ साली जॉन मेनार्ड स्मिथ आणि जॉर्ज प्राइस यांनी मांडलं. (मेनार्ड स्मिथ आधी विमानांचे इंजिनिअर होते. नंतर ते जीवशास्त्रज्ञ जे. बी. एस. हॉल्डेन यांचे विद्यार्थी झाले. हे हॉल्डेन म्हणजे १९५७ साली इंग्लंड सोडून भारतात येऊन राहिलेले.) समजा, एखाद्या जागेसाठी दोघं समोरासमोर आले. काही जण ससाण्यासारखे वागतात: भिडायचं, जखमी होईपर्यंत मागे हटायचं नाही. काही कबुतरासारखे: समोरचा भिडला की निघून जायचं, नाहीतर वाटून घ्यायचं. जागेची किंमत ४० गुण धरू, आणि मारामारीत हरणाऱ्याचं नुकसान १०० गुण.

दोन कबुतरं भेटली तर प्रत्येकाला सरासरी २०. ससाणा कबुतराला भेटला तर ससाण्याला ४०, कबुतराला शून्य. दोन ससाणे भिडले तर निम्म्या वेळा ४० मिळणार, निम्म्या वेळा १०० जाणार; म्हणजे सरासरी उणे ३०. आता सगळेच कबुतर असलेल्या गावात एक ससाणा आला तर त्याची चैन होते, त्याचं अनुकरण वाढतं. सगळेच ससाणे झाले तर मात्र मार न खाणाऱ्या कबुतराचं बरं चालतं. ही रस्सीखेच थांबते ती ४० टक्के ससाणे आणि ६० टक्के कबुतरं झाल्यावर. तिथे दोघांची सरासरी कमाई सारखीच, १२ गुण. कुणालाच आपली चाल बदलून फायदा नाही.

इथे घटकाभर थांबावं. सगळे कबुतर असते तर प्रत्येकाला २० मिळत होते. निवडीनं समाज जिथे नेऊन स्थिर केला तिथे १२ मिळतात. ‘निसर्ग सर्वोत्तम तेच निवडतो’ असं ठासून सांगणाऱ्या लोकांना हे बारा आणि वीस दाखवावेत. स्थिर असणं वेगळं आणि चांगलं असणं वेगळं.

आता तिसरी चाल घ्या. मी आधी पोचलो असेन तर ससाण्यासारखा वागेन, नंतर पोचलो तर कबुतरासारखा. असं वागणारे दोघं भेटले की एकाला ४०, दुसऱ्याला शून्य, मारामारी नाही. उद्या नशीब उलटं. सरासरी पुन्हा २०. अशा लोकांत एखादा ससाणा घुसला तर निम्म्या वेळा त्याला ४० मिळतात, निम्म्या वेळा तो मालकाशी भिडून ३० घालवतो; सरासरी ५. कबुतर घुसलं तर त्याला १०. म्हणजे ही चाल एकदा रुजली की हलत नाही. गेलेले आठ गुण परत आणणारी ही चाल म्हणजेच आपला रुमाल. तो मालकाची ताकद दाखवत नाही, फक्त ‘आधी कोण’ एवढंच सगळ्यांना दिसेल असं सांगतो. दारात कोण आधी आलं हे कुणालाच ठरवता येत नाही, म्हणून तिथे कोपरं चालतात.

याच गणितात आपल्या सिग्नलचं दुखणंही सापडतं. नो एंट्रीतून गाडी घालणारा पुणेकर जन्मानं बेशिस्त नसतो (असं मी स्वतःला समजावतो). बाकीचे थांबतात म्हणून त्याचं घुसणं फायद्याचं ठरतं. दंड वाढवून भिडण्याची किंमत १०० वरून २०० केली, तर ससाण्यांचं प्रमाण ४० टक्क्यांवरून २० वर येतं आणि सरासरी कमाई १२ वरून १६ वर जाते. फायदा होतो, पण ससाणे संपत नाहीत. जागेला काहीही किंमत असेपर्यंत काही ना काही प्रमाणात ते राहणारच. पांढरा पट्टा ठळक रंगवणं, पाळी कुणाची हे दिसेल असं करणं, हा दुसरा उपाय. त्याबद्दल मात्र आपल्याकडे दंडाइतकं बोललं जात नाही.

जीवशास्त्रातून समाजाकडे जाणारी ही वाट नवी वाटली तरी मुळात ती उलट दिशेनं सुरू झाली. अर्थशास्त्रज्ञ माल्थसनं लोकसंख्या आणि अन्न यांवरचा निबंध १७९८ साली लिहिला; डार्विननं तो १८३८ साली वाचला आणि नैसर्गिक निवडीची किल्ली त्याला तिथे मिळाली. म्हणजे डार्विननं अर्थशास्त्राकडून उसनवारी केली होती. परतफेड मात्र वाईट झाली. ‘जो लायक तो टिकतो’ हा शब्दप्रयोग हर्बर्ट स्पेन्सरचा, १८६४ सालचा. डार्विननं तो आपल्या पुस्तकात पाच वर्षांनी घेतला. मग गरिबांना मदत करू नये, वंश सुधारावा, दुबळ्यांची नसबंदी करावी, इथपर्यंत लोक त्याचा आधार घेत गेले. त्यावर पुष्कळ लिहिलं गेलंय, मी लांबण लावत नाही.

आपल्या जवळचं उदाहरण जास्त अवघड आहे. परिसरशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि मानववंशशास्त्रज्ञ कैलाश मल्होत्रा यांनी महाराष्ट्रातल्या भटक्या जमातींचा अभ्यास केला आणि १९८३ साली जातिव्यवस्थेकडे परिसरशास्त्राच्या चष्म्यातून पाहणारा निबंध लिहिला. एकाच मुलखात फिरणाऱ्या तीन जमातींची शिकार त्यांनी नोंदवली. फासेपारधी फासे लावून काळवीट आणि पक्षी धरत. नंदीवाले कुत्र्यांच्या मदतीनं साळिंदर, घोरपड, रानडुक्कर मारत. वैदू सापळ्यांत मुंगसासारखे लहान प्राणी पकडत. एकाच झाडावर वेगवेगळ्या फांद्यांवर चरणाऱ्या पक्ष्यांसारखी ही वाटणी, स्पर्धा कमी करणारी. निरीक्षण उत्तम आहे, आणि या जमातींपुरतं मला ते पटतंही.

पण हाच चष्मा अख्ख्या जातिव्यवस्थेवर लावला की माझा हात अडखळतो. कुणाच्या वाट्याला विहिरीचं पाणी आणि कुणाच्या वाट्याला मेलेलं जनावर, हे पक्ष्यांनी फांद्या वाटून घ्याव्यात तसं ठरलेलं नाही. ज्यांना फाशातलं काळवीट मिळालं त्या पारध्यांच्याच कपाळी इंग्रजांच्या गुन्हेगार जमाती कायद्यांनी जन्मजात चोरीचा शिक्का मारला आणि तो १९५२ साली पुसेपर्यंत पिढ्या गेल्या. एखादी व्यवस्था का टिकली याचं उत्तर जीवशास्त्र देऊ शकतं. वर आपण पाहिलंच, टिकणारी गोष्ट बारा गुणांचीही असते. आणि ते बारासुद्धा सरासरीचे. कुणाला चाळीस मिळाले नि कुणाला शून्य, हे सरासरीत दिसत नाही.

गाडगीळांच्या घराबद्दल एक गंमत मला नेहमी वाटते. वडील धनंजयराव अर्थशास्त्रज्ञ, १९३० साली स्थापन झालेल्या गोखले इन्स्टिट्यूटचे पहिले संचालक, प्रवरानगरच्या सहकारी साखर कारखान्याच्या उभारणीतले एक प्रमुख. मुलगा हार्वर्डला जाऊन उत्क्रांती आणि परिसराची गणितं शिकलेला. सहकार कसा उभा राहतो हा एकाचा प्रश्न, सहकार मुळात टिकतोच कसा हा दुसऱ्याच्या शास्त्राचा. पुण्यात एका छपराखाली हे दोन्ही प्रश्न जेवायला बसत असणार.

सहकार टिकण्याचं सगळ्यात सोपं रूप म्हणजे भिशी. बारा बायका, महिन्याला दोन हजार, दर महिन्याला एकीला चोवीस हजार. पहिल्या महिन्यात जिची चिठ्ठी निघते तिला बिनव्याजी कर्ज मिळालं, शेवटची बिचारी बिनव्याजी बचत करत बसली. पहिलीनं पैसे घेऊन पुढचे हप्ते बुडवले तर? कागद नाही, सही नाही. तरी आईची भिशी आमच्या वाड्यात वर्षानुवर्षं चालली.

कोस्टा रिकातल्या रक्तपिपासू वटवाघळांची भिशी जेराल्ड विल्किन्सननं १९८४ साली मांडली. या वटवाघळाला लागोपाठ दोन-तीन रात्री रक्त मिळालं नाही तर ते मरतं. मग ज्याचं पोट भरलंय ते उपाशी शेजाऱ्याला आपल्या पोटातलं रक्त काढून भरवतं. भरवतं ते नात्यातल्याला किंवा नेहमीच्या सोबत्याला. एकमेकांशी गाठ पुन्हा पुन्हा पडणार असेल आणि कुणी काय केलं हे लक्षात राहत असेल, तर मदत करणं हा स्वार्थाचाच शहाणा प्रकार ठरतो, हे रॉबर्ट ट्रिव्हर्सनं १९७१ साली सांगितलं होतं. रॉबर्ट अॅक्सेलरॉडनं पुढे संगणकावर स्पर्धाच घेतली. पहिल्या फेरीत १४ जणांनी प्रोग्रॅम पाठवले, दुसरीत ६२. दोन्ही वेळा जिंकला अनातोल रॅपपोर्टचा सगळ्यात छोटा प्रोग्रॅम: पहिल्यांदा सहकार्य कर, नंतर समोरच्यानं मागच्या खेपेला जे केलं तेच कर. मराठीत याला आपण ‘जशास तसे’ म्हणू, पण आपल्याकडे या शब्दांत फक्त बदलाच ऐकू येतो. या प्रोग्रॅमची अर्धी ताकद सुरुवातीच्या भलेपणात आणि उरलेली चटकन विसरून जाण्यात होती. एकेका प्रतिस्पर्ध्यापेक्षा तो एकदाही जास्त गुण मिळवू शकला नाही. स्पर्धा जिंकला ती एकूण बेरजेवर.

बारा बायकांत हे जमतं. बाराशे माणसांत काय करायचं?

गॅरेट हार्डिननं १९६८ साली निकाल देऊन टाकला होता: सामायिक कुरण असलं की प्रत्येक गुराखी एक जनावर वाढवतो, फायदा त्याचा, उजाड होणं सगळ्यांचं. उपाय दोनच, सरकारी ताबा किंवा खाजगी मालकी. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी जगभरची कुरणं, कालवे, मासेमारीची गावं तपासली आणि दाखवलं की कित्येक ठिकाणी लोकांनी तिसराच मार्ग काढून तो शेकडो वर्षं चालवलाय. त्यासाठी २००९ साली त्यांना अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं, हे मिळवणारी पहिली स्त्री. त्यांनी टिकाऊ व्यवस्थांच्या खुणा सांगितल्या: सभासद कोण हे स्पष्ट हवं, खर्च आणि लाभ यांचं प्रमाण जुळावं, नियम वापरणाऱ्यांनीच करावेत, लक्ष ठेवणारा आपल्यातला असावा, शिक्षा हळूहळू वाढत जावी. उत्क्रांतीवाले डेव्हिड स्लोन विल्सन यांनी त्यांच्याबरोबर २०१३ साली हीच यादी जीवशास्त्राच्या भाषेत मांडली. गटाच्या आत लबाडाची सरशी होते, पण लबाडांच्या गटापुढे सहकाऱ्यांचा गट सरस ठरतो. हे सगळे नियम आतली सरशी दाबून ठेवण्यासाठी असतात.

यासाठी परदेशी जायला नको. दिवे घाट चढून पुरंदर तालुक्यात गेलं की नायगाव लागतं. १९७२ च्या दुष्काळानंतर पुण्यातले इंजिनिअर-उद्योजक विलासराव साळुंखे तिथे गेले आणि पाणी पंचायत उभी राहिली. तिचे नियम वाचताना दर वेळी मला एखादं गणित सुटल्यासारखं वाटतं. पाणी जमिनीच्या एकरांवर मिळणार नाही, घरातल्या माणसांच्या संख्येवर मिळेल: माणशी अर्धा एकर भिजेल एवढं, कुटुंबाला जास्तीत जास्त अडीच एकराचं. भूमिहीनालाही वाटा. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जाणार नाही. खर्चाचा पाचवा हिस्सा लाभधारकांनी भरायचा. आणि ऊस लावायचा नाही.

ऊसबंदी हा यातला सगळ्यात धारदार नियम. बारमाही पाणी पिणारं पीक एकानं लावलं की त्याचा फायदा बाकीच्यांच्या पाण्यातून निघतो. हार्डिनच्या गुराख्याचं ते जास्तीचं जनावर म्हणजे पुरंदरातला ऊस. शिवाय ऊस लपवता येत नाही. बोअरमधून किती पाणी उपसलं हे शेजाऱ्याला कळणार नाही, पण शेतात उभा ऊस बांधावरूनच दिसतो. एसटीतल्या रुमालासारखाच, सगळ्यांना एका नजरेत कळणारा नियम.

आमच्या कोथरूडच्या सोसायटीत उन्हाळ्यात बोअर आटतो आणि टँकर सुरू होतात. टँकरचा खर्च आजवर फ्लॅटच्या चौरस फुटांवर वाटला जायचा, वापर मात्र ज्याचा त्याच्या मर्जीनं. गेल्या वार्षिक सभेत मी नायगावचा नियम मांडला: पाणी माणशी ठरवू, जास्तीचं लागलं तर जास्तीचे पैसे, आणि दर फ्लॅटला जिन्यात दिसेल असा मीटर. तीन बेडरूममध्ये एकट्या राहणाऱ्या सद्गृहस्थांना हे लगेच पटलं. छोट्या फ्लॅटमधल्या सहा जणांच्या कुटुंबालाही पटलं. विरोध झाला तो मीटर जिन्यात बसवण्याला. ‘मीटर बसवा हो, पण आत, सिंकखाली,’ असं तिघांनी सुचवलं, आणि ते तिघं कोण हे सेक्रेटरींनी इतिवृत्तात लिहिलेलं नाही.