पार्श्वभूमी : नवी काबिजाद नेमकी कुणी काबीज केली?

गोव्यातल्या जमिनीचा, देवळाचा किंवा मतांचा वाद निघाला की कुठे ना कुठे ‘नव्या काबिजादी’, म्हणजे पोर्तुगीजांच्या हाती मागाहून आलेला मुलूख, हा शब्द येतोच. तालुके सगळ्यांना पाठ असतात. तिसवाडी, बारदेश, साष्टी आणि साष्टीतूनच वेगळा निघालेला मुरगाव ही जुनी काबिजाद; पेडण्यापासून काणकोणापर्यंतचा बाकीचा सगळा पट्टा नवी. जुना भाग आजच्या गोव्याच्या जेमतेम पाव हिस्सा भरेल. घोळ आहे तो शब्दाच्या पोटात. काबीज केली ती काबिजाद, असा सरळ अर्थ. पण लढून काबीज केलेला मुलूख मोजायला बसलं तर यादी फारच आखूड होते.

पोर्तुगीजांनी विजापूरच्या आदिलशहाकडून गोवा शहर घेतलं ती 1510 ची कथा इथे पुन्हा सांगत नाही. ती लढाई खरीच होती. पण बारदेश आणि साष्टी 1543 साली पोर्तुगीजांकडे आले ते विजापूरच्या घरगुती भांडणातून. गादीवर हक्क सांगणारा एक शहजादा गोव्यात जाऊन बसला होता, आणि त्याचा उपद्रव टळावा म्हणून आदिलशहाने दोन्ही महाल सोडले. म्हणजे ‘जुनी’ काबिजादही निम्मीअधिक सौद्याचीच. (ही साष्टी मडगावची, ठाण्याची नव्हे. 1739 च्या सुरुवातीला दोन्हीकडे मराठी फौजा होत्या, त्यामुळे त्या मोहिमेची हकिकत वाचताना कुठली साष्टी हे दर वेळी तपासावं लागतं.)

त्यानंतर जवळपास सव्वादोनशे वर्षं सरहद्द फारशी हलली नाही. सगळं अडलं होतं फोंड्यापाशी. शिवाजी महाराजांनी 1675 मध्ये फोंड्याचा किल्ला घेतला. 1683 मध्ये खुद्द व्हाइसरॉय त्यावर चालून आला आणि संभाजी महाराजांच्या फौजेकडून मार खाऊन परतला. त्याच महिन्यात मराठे जुवे बेटावर उतरले तेव्हा गोवा शहराचाच जीव टांगणीला लागला. 1756 मध्ये दुसरा एक व्हाइसरॉय फोंड्याच्या मर्दनगडाखाली ठार झाला. मधल्या काळात, 1746 मध्ये, पेडण्यातल्या हळर्णचा किल्ला मात्र पोर्तुगीजांनी मारून घेतला, आणि त्या मोहिमेच्या सेनापतीला त्याच गावाच्या नावाची सरदारकी मिळाली. नव्या काबिजादीत छाती फुगवून सांगावी अशी लढाई बहुधा एवढीच.

मग फोंडा मिळाला कसा? 1761 ला पानिपत झालं. 1763 मध्ये निजामाच्या फौजेने पुणं जाळलं. पेशव्यांना या कोपऱ्याकडे बघायला सवड नव्हती, आणि त्याच वर्षी फोंडा पोर्तुगीजांच्या हाती गेला. पाठोपाठ म्हैसूरच्या हैदरअलीने सौंद्याचं (आजच्या उत्तर कन्नडातलं) राज्य बुडवलं. सौंद्याचा राजा कुटुंबकबिल्यासह गोव्यात आश्रयाला आला आणि फोंड्याजवळ बांदिवड्याला राहिला. त्याचा घाटाखालचा मुलूख, म्हणजे पंचमहाल (अष्टागर, बार्से, बाळ्ळी, चंद्रवाडी, काकोडा) आणि काणकोण, हैदरच्या घशात जाऊ नये या सबबीखाली पोर्तुगीजांनी ताब्यात घेतला.

खरा वाद इथेच आहे. पोर्तुगीज बाजूने लिहिणारे याला संरक्षण म्हणतात आणि 1791 च्या तहाकडे बोट दाखवतात. त्या तहाने सौंदेकरांनी हा मुलूख रीतसर देऊन टाकला. मला हा कागद फार उशिराचा वाटतो. तोवर घराणं पंचवीसहून अधिक वर्षं परक्याच्या आसऱ्याला, त्याच्याच तनख्यावर राहत होतं. ज्याच्या ओसरीवर दिवस काढायचे त्याने पुढे केलेल्या कागदावर सही करताना नाही म्हणण्याची मुभा कितीशी असते? हातात आधीच असलेल्या मुलखाचं ते खरेदीखत होतं. त्याला दान म्हणा, ठेव गिळली म्हणा. ‘विजय’ मात्र म्हणवत नाही.

उत्तरेकडे निदान बंदुका वाजल्या. डिचोली आणि सत्तरी 1781-82 च्या सुमारास वाडीच्या सावंतांकडून गेली. पेडणे 1788 मध्ये गेलं ते कोल्हापूरकरांनी सावंतांना जेरीस आणलं तेव्हा पोर्तुगीजांनी केलेल्या मदतीच्या मोबदल्यात. त्याच दशकात पेशव्यांनी धरलेल्या एका जहाजाच्या भरपाईपोटी नगर हवेली पोर्तुगीजांना मिळाली, तीही वर्षाला बारा हजार रुपये वसुलाच्या हिशेबाने. एकूण हा काळ तलवारीपेक्षा कारकुनांचा.

या उशिराचा परिणाम डोळ्यांना दिसतो. मांडवीतल्या दिवाडी बेटावरून फेरीबोटीने काही मिनिटांत पलीकडे नार्व्याला उतरावं. सप्तकोटेश्वर मूळचा दिवाडीचा. पोर्तुगीजांनी तिथलं देऊळ पाडल्यावर तो पाणी ओलांडून इथे आला, आणि देवळाच्या दारावर शिवाजी महाराजांच्या 1668 च्या जीर्णोद्धाराचा शिलालेख आहे. कुठ्ठाळीचा मंगेश प्रियोळला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला, हे सगळे सोळाव्या शतकात असेच पाण्यापलीकडे गेले. दोनशे वर्षांनी तीच राजवट त्यांच्या दारात पोचली खरी, पण तोवर लिस्बनचं वारं फिरलं होतं. जेझुइटांना 1759 मध्येच हाकललं होतं, इन्क्विझिशन हे चर्चचं धर्मन्यायालयही 1774 मध्ये काही वर्षांपुरतं आणि 1812 मध्ये कायमचं गेलं. नव्या प्रजेच्या धर्माला आणि रिवाजांना हात लावणार नाही असं सरकारने कबूल केलं. म्हणून फोंड्यात देवळं राहिली.

कायद्यातही दोन गोवे झाले. नव्या काबिजादीच्या रूढींची संहिता 1853 मध्ये आली. 1867 चा पोर्तुगीज नागरी कायदा 1870 पासून इथे लागू झाल्यावरही हिंदूंच्या काही रिवाजांना 1880 मध्ये वेगळी सवलत द्यावी लागली. जमिनीचं तर सगळंच निराळं. जुन्या भागात गावकऱ्यांच्या कोमुनिदाद (गावाची सामाईक जमीन सांभाळणाऱ्या संस्था), सत्तरीत राणे घराण्याचे मोकासे, म्हणजे इनाम गावं. राण्यांनी ही राजवट कधी मनापासून मानलीच नाही. 1852 ला त्यांनी बंड केलं. 1895 मध्ये गोव्यातल्या मराठा शिपायांनी मोझांबिकला जायला नकार दिला, तेव्हाही ते त्यांच्यासोबत उठले आणि लिस्बनहून राजाच्या भावाला फौज घेऊन यावं लागलं.

16 जानेवारी 1967 च्या जनमत कौलात फूल म्हणजे महाराष्ट्रात विलीनीकरण आणि दोन पानं म्हणजे वेगळा केंद्रशासित प्रदेश. दोन पानं 34,021 मतांनी जिंकली. साष्टीने विलीनीकरण जवळजवळ एकगठ्ठा नाकारलं. पेडणे, डिचोली, सत्तरीत फुलाचा जोर होता. अठराव्या शतकातली सरहद्द त्या मतपेट्यांत पुन्हा उमटली होती.