लेव्हल शंभर, तरी स्पीड कमी का? पोकेमॉनच्या तालमीबद्दल आमच्या ग्राहकांसाठी माहिती

दसऱ्याची सुट्टी लागली की काउंटरवर एकच प्रश्न येत राहतो. "माझा गारचॉम्प पोकेमॉन शंभर लेव्हलचा, मित्राचाही शंभरचाच. मग दर वेळी त्याचाच आधी कसा मारतो?" याचं उत्तर नीट सांगायचं तर पंधरा-वीस मिनिटं जातात, आणि तोवर मागं कंट्रोलर दुरुस्तीला आलेली माणसं ताटकळतात. म्हणून हे पत्रक काढलं आहे. पोकेमॉन आमच्याकडे तालमीला द्यायचा असेल तर बस धरायच्या आधी वाचा. खानापूर-निपाणीहून यायचं आणि 'आधी रिकामा करून आणा' एवढंच ऐकून परत जायचं, हे आम्हालाही बरं वाटत नाही.

लेव्हल म्हणजे पैलवानाचं वजन समजा. आनंदवाडीच्या आखाड्यात एकाच वजनाचे दोन गडी उतरतात, पण जोर-बैठका कुणाच्या अंगात मुरल्यात ते वजनकाटा सांगत नाही. पोकेमॉनमध्येही तसंच आहे. प्रत्येक पोकेमॉनला सहा गुण असतात, त्यांना स्टॅट म्हणतात: एचपी (म्हणजे जीव), अटॅक, डिफेन्स, स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि स्पीड. प्रत्येक स्टॅटचा जातीप्रमाणे मूळ आकडा ठरलेला असतो. त्यावर जन्मजात देणगी असते, ० ते ३१, तिला खेळणारे आयव्ही म्हणतात. स्वभाव, म्हणजे नेचर, एक स्टॅट दहा टक्क्यांनी वाढवतो आणि दुसरा दहा टक्क्यांनी घटवतो. आणि चौथी गोष्ट म्हणजे तालीम, तिला सगळे ईव्ही म्हणतात. गेममध्ये औषधाच्या माहितीत 'बेस पॉइंट' असा शब्द दिसतो, तो हाच. देणगी कमी असली तर बॉटल कॅप नावाची वस्तू देऊन ती भरून काढता येते, त्याला हायपर ट्रेनिंग म्हणतात (स्कार्लेट-व्हायोलेट या गेममध्ये लेव्हल ५० पासून), स्वभावाचा परिणाम मिंट नावाच्या वस्तूने बदलतो. या दोन्ही गोष्टी एका मिनिटाच्या आहेत. सगळा घोळ होतो तो चौथ्या गोष्टीत.

तालमीचा हिशोब असा. एका पोकेमॉनच्या अंगात एकूण ५१० पॉइंट मावतात. एका स्टॅटमध्ये जास्तीत जास्त २५२. दर ४ पॉइंटला लेव्हल १०० वर स्टॅट एकाने वाढतो, म्हणजे २५२ भरले की ६३ ची वाढ. लेव्हल ५० वर तीच वाढ साधारण निम्मी, ३२ च्या आसपास. स्कार्लेट-व्हायोलेटच्या रँक्ड बॅटलमध्ये शंभरचा गडीसुद्धा ५० वरच आणून लढवतात. त्यामुळे रेअर कँडी चारून शंभर केलेल्या पोकेमॉनला तिथं लेव्हलचा काडीचा फायदा मिळत नाही. कँडीने ईव्ही मिळत नाहीत, हेही इथंच सांगून ठेवतो.

दोन स्टॅट पूर्ण भरले की ५०४ होतात. उरतात ६. त्यातले ४ तिसऱ्या स्टॅटला लागू पडतात, शेवटचे २ कशातच दिसत नाहीत. "दोन पॉइंट वाया घालवले" अशी तक्रार येते, पण ते दोन कुणालाच वापरता येत नाहीत.

आता एवढ्याशा आकड्यांनी काय बिघडतं ते गारचॉम्पवरच पाहू. त्याचा मूळ स्पीड १०२. जॉली स्वभाव (स्पीड वाढवणारा), देणगी ३१, स्पीडमध्ये २५२ पॉइंट: लेव्हल ५० वर स्पीड होतो १६९. तालीम अजिबात नसेल तर १३४. समोर व्होल्करोना आहे असं धरा, मूळ स्पीड १००, टिमिड स्वभाव (हाही स्पीड वाढवणारा), देणगी ३१, पूर्ण तालीम. त्याचा स्पीड १६७. तुमचा गारचॉम्प दोन आकड्यांनी पुढं, पहिला वार तुमचा. पण त्याच गारचॉम्पच्या स्पीडमध्ये २५२ ऐवजी २४० च असतील, तर स्पीड येतो बरोबर १६७. म्हणजे बरोबरी, आणि बरोबरीत आधी कोण मारणार ते गेम नशिबावर सोडतो. बारा पॉइंट कमी पडले आणि हक्काचा डाव चिठ्ठीवर गेला.

ते बारा पॉइंट जातात कुठं? हे पत्रक मुख्यतः त्यासाठीच आहे.

तुम्ही गोष्ट खेळत असताना ज्या पोकेमॉनला हरवता, तो आपल्या जातीप्रमाणे १ ते ३ पॉइंट देऊन जातो. लेचाँक एचपीचा १ देतो, फ्लेचलिंग स्पीडचा १, हॉपिप स्पेशल डिफेन्सचा १. आणि सोर्ड-शील्डपासून, म्हणजे २०१९ पासून, एक्स्प शेअर कायमचा चालू असतो, बंद करता येत नाही. त्यामुळे लढतो एकच, पण ते पॉइंट सहाच्या सहा जणांना पूर्ण मिळतात. वाटणी होत नाही, प्रत्येकाला अख्खे. पकडलेल्या पोकेमॉनचेही मिळतात. तुम्ही गारचॉम्प टीममध्ये नुसता बसवून ठेवलात आणि रस्त्यात १८ लेचाँक आडवे केलेत, तर त्याच्या एचपीत १८ जमा झाले. वर सांगितल्याप्रमाणे तिसऱ्या स्टॅटला जागा फक्त ६ ची. जास्तीचे झाले १२. अटॅक २५२ भरला की स्पीड २४० वर अडतो आणि त्यापुढं गेम काहीही घेत नाही.

हे झालं अठराचं. गोष्ट संपेपर्यंत टीममध्ये राहिलेल्या पोकेमॉनमध्ये पाचशे दहाच्या पाचशे दहा कुठंकुठं सांडून बसलेले असतात. पोतं ज्वारीने काठोकाठ भरलेलं असलं की त्यात गहू ओतता येत नाही, आधी ज्वारी काढावी लागते. आमच्याकडे येणाऱ्या कामातला सर्वांत मोठा वेळ या उपसण्यातच जातो. म्हणून एकच विनंती: ज्याला स्पर्धेसाठी घडवायचं आहे, त्याला पकडल्या दिवसापासून बॉक्समध्ये, म्हणजे टीमबाहेरच्या साठ्यात ठेवा. गोष्ट दुसऱ्या पाच-सहा जणांवर संपवा. एवढं पाळलंत तर निम्मी तालीम घरीच झाली असं समजा.

पोतं भरलंय का ते पाहणं सोपं आहे. स्कार्लेट-व्हायोलेटमध्ये पोकेमॉनच्या समरीवर, म्हणजे त्याच्या माहितीच्या पानावर, एल बटण दाबा, सोर्ड-शील्डमध्ये एक्स. षटकोनी ग्राफ येतो. पूर्ण भरलेल्या स्टॅटवर चमक दिसते, आणि एकूण ५१० झाले की ग्राफचा पिवळा रंग निळसर होतो. ग्राफ निळसर आहे पण चमक एकाही टोकावर नाही, म्हणजे पॉइंट सगळीकडे सांडले आहेत. मेनू इंग्रजीत असतो, मराठी किंवा कन्नड भाषा या गेममध्ये नाही, पण हा ग्राफ बघायला वाचावं लागत नाही. लहान मुलांनाही आम्ही आधी हाच दाखवतो.

उपसायचं कसं? बेरी चारून. एका बेरीने १० पॉइंट उतरतात: टमाटोने स्पीड, केल्प्सीने अटॅक, क्वालॉटने डिफेन्स, हाँड्यूने स्पेशल अटॅक, ग्रेपाने स्पेशल डिफेन्स, पोमेगने एचपी. २५२ भरलेला एक स्टॅट रिकामा करायला २६ बेरी लागतात. स्कार्लेट-व्हायोलेटमधल्या पोर्टो मारिनाडा गावाच्या लिलावात आणि टेरा रेड (चौघांनी मिळून करायची लढाई) जिंकल्यावर बेरी मिळतात. टील मास्क हा जादा भाग विकत घेतलेला असेल तर फ्रेश-स्टार्ट मोची नावाचा पदार्थ मिळतो, एका घासात सगळे पॉइंट शून्य. एकच स्टॅट वाकडा असेल तर मात्र मोची वापरू नका, चांगले भरलेलेही जातील. तिथं बेरीच बरी.

रिकामा गडी हातात आला की भरायचे दोन मार्ग आहेत. पैसे असतील तर औषध. स्पीडला कार्बोस, अटॅकला प्रोटीन, डिफेन्सला आयर्न, स्पेशल अटॅकला कॅल्शियम, स्पेशल डिफेन्सला झिंक, एचपीला एचपी अप. प्रत्येकी १० पॉइंट, किंमत गेममधले १०,०००. एका स्टॅटला २६ लागतात, कारण पंचवीसने २५० होतात आणि शेवटच्या दोनासाठी एक अख्खं जातं. दोन स्टॅटचे झाले ५,२०,०००. शेवटच्या दोन पॉइंटसाठी पिसं चारलीत तर तेवढं औषध वाचतं, एक पीस एक पॉइंट देतं.

पैसे नसतील तर पट्टा बांधून शिकार. गेममधल्या डेलिबर्ड प्रेझेंट्स या दुकानात पॉवर नावाच्या सहा वस्तू मिळतात, त्यांनाच आम्ही पट्टा म्हणतो, बॅज वाढतील तसा तिथला माल वाढतो. स्पीडसाठी पॉवर अँकलेट, अटॅकसाठी ब्रेसर, डिफेन्सला बेल्ट, स्पेशल अटॅकला लेन्स, स्पेशल डिफेन्सला बँड, एचपीला वेट. ही वस्तू धरलेल्या पोकेमॉनला प्रत्येक विजयामागं त्या स्टॅटचे ८ जादा मिळतात. फ्लेचलिंगचा १ आणि अँकलेटचे ८, झाले ९. अठ्ठावीस वेळा नऊ म्हणजे नेमके २५२. साउथ प्रॉव्हिन्सच्या एरिया वनमध्ये फ्लेचलिंग मुबलक आहेत. पुढं एखादा दणकट, आधीच ५१० भरलेला पोकेमॉन लढायला ठेवा, कारण त्याचं काही बिघडत नाही. तालमीतला मागं उभा राहिला तरी त्याला सगळं मिळतं. मोजणी कागदावर रेघा मारून करा, पाच-पाचच्या जुडग्यांनी. मनात मोजलेली अठ्ठावीस कधी सव्वीस होते, कधी एकतीस.

इथं तीन ठिकाणी लोक अडकतात. पहिलं, आर बटणाने पोकेमॉनला पुढं सोडून आपोआप लढवतात. त्यात ईव्ही मिळत नाहीत, टेरा रेडमध्येही नाहीत. लढाईचा पडदा उघडला पाहिजे. दुसरं, टीममध्ये दोघांना एकदम तालीम देतात, एकाला अँकलेट आणि दुसऱ्याला ब्रेसर, आणि शिकार मात्र फ्लेचलिंगचीच. अठ्ठावीस लढायांनंतर ब्रेसरवाल्याच्या अटॅकमध्ये २२४ असतात आणि स्पीडमध्ये नको असलेले २८. एका वेळी अनेकांना घ्यायला हरकत नाही, पण सगळ्यांना तोच स्टॅट हवा असला पाहिजे. तिसरं, काम झाल्यावर पट्टा सोडायला विसरतात. पॉवर वस्तू धरली असताना लढाईत स्पीड निम्मा होतो. "तुमच्याकडून नेल्यावर आणखी मंद झाला" अशी तक्रार आली की आम्ही सर्वांत आधी त्याच्या हातात काय आहे ते बघतो. आम्ही देताना पट्टा काढूनच देतो, पण घरी मुलं पुन्हा बांधतात.

जुन्या गेमचे नियम वेगळे आहेत, आणि आमच्याकडे जुनी काडतुसं घेणारे बरेच आहेत. एमराल्ड, फायररेड, डायमंड, पर्ल यांत औषध १०० पॉइंटपर्यंतच चालतं, म्हणजे एका स्टॅटला दहा बाटल्या. अकरावी तो घेत नाही, यात काडतूस बिघडलेलं नसतं. पुढचे लढूनच भरावे लागतात. आणि या गेममध्ये लेव्हल १०० झालेल्याला लढून ईव्ही मिळतच नाहीत, म्हणून आधी तालीम, मग शंभर. पॉवर वस्तूसुद्धा डायमंड-पर्लच्या काळात ४ च पॉइंट देत होत्या, ८ चा हिशोब २०१६ च्या सन-मूनपासूनचा. नव्या गेमची माहिती वाचून जुन्यात रेघा माराल तर आकडा जुळणार नाही.

आता आमच्या पद्धतीबद्दल थोडं. "कॉम्प्युटरला जोडून पाच मिनिटांत करून द्या ना" असं बरेच जण म्हणतात. आम्ही सेव्ह फाइलमध्ये हात घालत नाही. २०२३ च्या ऑगस्टमध्ये योकोहामाच्या जागतिक स्पर्धेत बनावट पोकेमॉन आणलेल्या खेळाडूंना बाद केलं होतं. तुमच्या मुलाने वर्षभर वाढवलेला गडी आमच्या एका शॉर्टकटमुळे उद्या बाद व्हावा, हे आम्हाला चालणार नाही. म्हणून आमचं काम हाताने होतं आणि त्याला वेळ लागतो. रिकाम्या पोकेमॉनला त्याच दिवशी संध्याकाळी देतो, भरलेल्याला दुसऱ्या दिवशी, कारण बेरी जमवाव्या लागतात. उपसण्याचे पैसे वेगळे का, याचं कारण हेच. दर काउंटरवर लावले आहेत.

ग्राफ बघून देण्याचे पैसे आम्ही घेत नाही. कुठल्या गड्याला कोणता स्टॅट भरावा याचा सल्लाही फुकट. तो ऐकून घरी स्वतः केलंत तरी आनंदच आहे, अठ्ठावीस लढायांचं काम अर्ध्या-पाऊण तासात होतं. पॉवर वस्तू कुठली घ्यायची, कुठं शिकार करायची हे एका चिठ्ठीवर लिहून देतो.

तालमीला देताना मशीन पूर्ण चार्ज करून आणा, गेमचं काडतूस आत आहे का बघा. पासवर्ड लावलेला असेल तर काढून ठेवा. गेम सेव्ह करून बंद करा, आणि तालमीचा पोकेमॉन बॉक्स क्रमांक एकमध्ये पहिल्या घरात ठेवा. कोणते दोन स्टॅट भरायचे, स्वभाव कोणता, पुढच्या वेळी कुणाशी लढायचं आहे, हे कागदावर लिहून सोबत द्या. परत नेताना काउंटरवरच ग्राफ उघडून दाखवायला सांगा, दोन टोकांवर चमक दिसल्याशिवाय मशीन हातात घेऊ नका.