ओगासावारा: पत्ता टोकियोचा, अंतर हजार किलोमीटर

२०२३ साली जपानने आपली बेटं नव्याने मोजली. १९८७ च्या मोजणीत ती ६,८५२ होती, या वेळी १४,१२५ भरली. देशाच्या क्षेत्रफळात त्यामुळे काही फरक पडला नाही. फक्त नकाशे बारीक झाले आणि संगणकाला आधी न दिसलेले खडक आता दिसले. यातल्या माणसं राहतात अशा बेटांची संख्या चारशेच्या आसपास. उरलेली म्हणजे पक्षी, लाटा आणि एखादा दीपस्तंभ.

अशा छोट्या बेटांची गोष्ट सांगायची तर ओगासावाराइतकं चांगलं उदाहरण मला दुसरं दिसत नाही. या द्वीपसमूहाच्या मुख्य बेटांवर कुणी तलवार चालवून राज्य मिळवलं नाही. तिथे कोण राहतं, कुणाला राहू द्यायचं आणि कुणाला उठवायचं, एवढ्यावरच प्रत्येक वेळी मालकी ठरत गेली.

टोकियोच्या दक्षिणेला सुमारे हजार किलोमीटरवर, म्हणजे मुंबई-दिल्ली हवाई अंतरापेक्षा जरा कमी, तीसेक बेटांची ही रांग आहे. सगळी जमीन एकत्र केली तरी शंभर चौरस किलोमीटरच्या आसपास. कारभार टोकियो महानगराचा, त्यामुळे इथल्या गाड्यांवर टोकियोतल्या शिनागावाची नंबरप्लेट असते. विमानतळ नाही. ताकेशिबा धक्क्यावरून सकाळी ‘ओगासावारा मारू’ सुटते, चोवीस तासांनी चिचिजिमाला लागते, आणि साधारण सहा दिवसांतून एकच फेरी करते. चिचिजिमावर दोन हजारांच्या आसपास माणसं, तिथून दुसऱ्या बोटीने दोन तासांवरच्या हाहाजिमावर साडेचारशेच्या आसपास. बाकी बेटांवर नागरी वस्ती नाही. नावं मात्र अख्ख्या गोतावळ्याची: बाप, आई, थोरला भाऊ, धाकटा भाऊ, बहीण, भाची, नवरा, नवरी, आणि लग्न जुळवणारा मध्यस्थसुद्धा.

भूगर्भाच्या दृष्टीने ही बेटं कधीच कुठल्या खंडाला जोडलेली नव्हती. पॅसिफिक भूपट्ट फिलिपिन समुद्राच्या भूपट्टाखाली सरकू लागला, तेव्हाच्या ज्वालामुखींतून सुमारे पावणेपाच कोटी वर्षांपूर्वी त्यांचा पाया घडला. त्या वेळचा एक दुर्मीळ खडक इथे उघड्यावर दिसतो आणि जगभर तो ‘बोनिनाइट’ या नावाने ओळखला जातो. बोनिन हे या बेटांचं जुनं नाव. ‘निर्मनुष्य’ या अर्थाच्या जपानी शब्दाचा तो परदेशी उच्चार.

निर्मनुष्य ती खरोखरच होती. १६७० मध्ये संत्री घेऊन निघालेलं एक गलबत वादळात भरकटत हाहाजिमाला लागलं. खलाशी फुटक्या जहाजाच्या फळ्यांतून होडी बांधून परतले आणि त्यांनी हकिगत सांगितली. १६७५ मध्ये शोगुनशाहीने, म्हणजे तेव्हाच्या लष्करी राजवटीने, शिमाया इचिझाएमोन याच्या हाताखाली जहाज पाठवून पाहणी करवली. नकाशे झाले, झाडांचे आणि खडकांचे नमुने आले, एक देवस्थान उभारलं गेलं. पुढे काहीच नाही. देशाची दारं बंद ठेवण्याचा तो काळ होता. समुद्रापार जाणं हाच गुन्हा, मग वसाहत कोण करणार?

खरी गंमत नावाची आहे. अठराव्या शतकात ओगासावारा सादातो नावाचा एक सामुराई पुढे आला. आपल्या सादायोरी नावाच्या पूर्वजाने १५९३ मध्ये ही बेटं शोधली, तेव्हा ती आमच्या घराण्याची, असं त्याचं म्हणणं. सरकारने चौकशी केली, १७३५ मध्ये दावा खोटा ठरवला आणि दावेदाराला हद्दपार केलं. माणूस गेला, नाव राहिलं. आणि शंभरेक वर्षांनी परदेशी सत्तांपुढे हक्क सांगायची वेळ आली तेव्हा हाच सादायोरी जपानच्या उपयोगी पडला. सरकारांची स्मरणशक्ती सोयीची असते, याला जपानही अपवाद नाही.

बेटांवर माणसं आणली ती देवमाशांनी. १८२० नंतर जपानच्या पूर्वेच्या समुद्रात देवमाशांचे मोठे कळप आहेत हे अमेरिकन आणि इंग्रज शिकारी जहाजांना कळलं. त्या काळात दिवे आणि कारखाने देवमाशाच्या तेलावर चालत, आणि जहाजं वर्षानुवर्षं घरी जात नसत. त्यांना गोडं पाणी, भाजी आणि ताजं मांस हवं होतं, जपान तर बंदराजवळही फिरकू देत नव्हता. १८२७ मध्ये ब्रिटिश आरमाराचं ‘ब्लॉसम’ घेऊन कॅप्टन बीची आला, त्याने तांब्याच्या पत्र्यावर मजकूर कोरून बेटं ब्रिटनची असल्याचं जाहीर केलं. पुढच्याच वर्षी रशियन जहाज येऊन गेलं. पत्रे ठोकून सगळे निघून गेले.

राहायला आली ती वेगळीच मंडळी. १८३० च्या जूनमध्ये हवाईहून एक जहाज आलं. त्यात मॅसॅच्युसेट्सचा नॅथॅनिअल सेव्हरी, आणखी एक अमेरिकन, एक इंग्रज, डेन्मार्कचा एक, मात्तेओ मात्सारो नावाचा दक्षिण युरोपीय खलाशी आणि वीसेक हवाईयन स्त्री-पुरुष होते. त्यांनी चिचिजिमावर जंगल तोडलं, रताळी, मका, कांदे लावले, डुकरं-कोंबड्या पाळल्या, कासवं पकडली. जहाजांना माल विकायचा, बदल्यात कापड, अवजारं, दारू घ्यायची. शाळा नाही, पोलीस नाही, देवळं-चर्च नाही. १८४९ मध्ये आलेल्या एका टोळीने सेव्हरीचा पैसाअडका लुटून नेला, आणि तक्रार करायला वरचा अधिकारी म्हणून कुणीच नव्हता. पुढे या वस्तीत पॅसिफिकमधल्या इतर बेटांचे लोक मिसळले. सेव्हरीची बायको ग्वामची होती.

१८५३ च्या जूनमध्ये अमेरिकन आरमाराचा कमोडोर पेरी चिचिजिमाला आला. महिन्याभरात तो एदोच्या (आजच्या टोकियोच्या) उपसागरात शिरून जपानची दारं ठोठावणार होता, हे आपण शाळेत वाचलेलं असतं. त्याआधीचा हा मुक्काम फारसा कुणी सांगत नाही. वाफेच्या जहाजांना कोळशाचं ठाणं हवं म्हणून पेरीने सेव्हरीकडून बंदरालगतची जमीन पन्नास डॉलरना विकत घेतली, गुरं आणि शेळ्या सोडल्या, आणि तिथल्या मूठभर माणसांची ‘पील आयलंडची वसाहत’ (पील हे चिचिजिमाचं इंग्रजी नाव) म्हणून घटना बनवून सेव्हरीला प्रमुख केलं. ब्रिटिशांनी हाँगकाँगहून विचारणा केली. वॉशिंग्टनने फारसं मनावर घेतलं नाही.

जपान मात्र जागा झाला होता. १८६१-६२ च्या हिवाळ्यात मिझुनो तादानोरी हा अधिकारी ‘कानरिन मारू’ घेऊन निघाला. सोबत दुभाषा होता नाकाहामा मांजिरो. हा तोसा प्रांतातला कोळ्याचा पोर. १८४१ मध्ये, चौदाव्या वर्षी, त्याची होडी वाहत जाऊन तोरिशिमा नावाच्या ओसाड ज्वालामुखी बेटाला लागली. अल्बट्रॉस पक्षी खाऊन तो आणि त्याचे सोबती जगले, मग एका अमेरिकन देवमासा-शिकारी जहाजाने त्यांना उचललं. त्या जहाजाच्या कप्तानाने त्याला मॅसॅच्युसेट्सला नेऊन शिकवलं. म्हणजे चिचिजिमाच्या किनाऱ्यावर सेव्हरीशी बोलायला उभा राहिला तो सेव्हरीच्याच राज्यात वाढलेला जपानी! तुमच्या जमिनी तुमच्याकडेच राहतील, असं आश्वासन देऊन मिझुनोने वस्तीची संमती मिळवली, आणि १८६२ मध्ये टोकियोच्या वाटेवरच्या हाचिजोजिमा बेटाहून जपानी वसाहतकरी आणले. पण ब्रिटनशी तणाव वाढताच १८६३ मध्ये त्यांना परत नेलं.

शेवटचा डाव १८७५ चा. सेव्हरी वर्षभरापूर्वीच वारला होता आणि वस्ती सत्तर माणसांची होती. शोगुनशाही जाऊन आलेल्या मेइजी सरकारचे अधिकारी ‘मेइजी मारू’ने नोव्हेंबरमध्ये चिचिजिमाला पोचले. योकोहामाहून निघालेली ब्रिटिश युद्धनौका ‘कर्ल्यू’ दोन दिवस उशिरा आली. भांडण झालं नाही. १८७६ मध्ये जपानने इतर देशांना कळवलं आणि कुणी हरकत घेतली नाही. ‘मेइजी मारू’ आजही टोकियोच्या सागरी विद्यापीठाच्या आवारात जतन करून ठेवलेली आहे.

१८८० मध्ये बेटं टोकियोच्या कारभारात आली, १८८२ पर्यंत सगळे जुने रहिवासी जपानी नागरिक झाले. हाचिजोजिमावरून आणि मुख्य भूमीवरून माणसं आली, ऊस आणि केळी लागली, पुढे टोकियोला हिवाळ्यात भाजी पाठवण्याचा धंदा चालला. गैरसोयीच्या माणसाला ठेवायलाही बेट बरं पडलं. कोरियाचा सुधारणावादी नेता किम ओक-ग्युन याला जपानने १८८६ ते १८८८ इथेच ठेवलं होतं. दक्षिणेची ज्वालामुखी बेटं, म्हणजे इवो जिमा आणि तिच्या शेजारणी, १८९१ मध्ये जोडली गेली.

१९४४ पर्यंत इथे सातेक हजार लोक होते. त्या उन्हाळ्यात अमेरिकन विमानांचे हल्ले सुरू झाले आणि सैन्याने ६,८८६ नागरिकांना मुख्य भूमीवर हलवलं. ८२५ पुरुषांना सैन्याच्या कामासाठी ठेवून घेतलं. सप्टेंबरमध्ये चिचिजिमाजवळ पाडलेल्या एका विमानाचा वीस वर्षांचा वैमानिक पाणबुडीने वाचवला. तो पुढे अमेरिकेचा अध्यक्ष झालेला थोरला जॉर्ज बुश. बेटावर पकडल्या गेलेल्या इतर वैमानिकांना ठार मारण्यात आलं, आणि त्याबद्दल तिथला सेनापती ताचिबाना १९४७ मध्ये ग्वामला फासावर गेला.

युद्धानंतर जे झालं ते मला या सगळ्या इतिहासातलं सगळ्यात बोचरं प्रकरण वाटतं. ऑक्टोबर १९४६ मध्ये, बेटं आता ज्याच्या ताब्यात होती त्या अमेरिकन आरमाराने १२९ जणांना घरी परतू दिलं. निकष होता वंशाचा. सेव्हरी आणि त्याच्या साथीदारांचे वंशज असाल तर चला, बाकीच्यांनी मुख्य भूमीवरच राहावं. युद्धकाळात ज्यांना परदेशी चेहऱ्यामुळे संशयाने पाहिलं गेलं, ज्यांना जपानी नावं घ्यावी लागली (सेव्हरीचं ‘सेबोरी’ झालं), त्यांना तोच चेहरा आता परवाना ठरला. बाकी हजारो लोक पुढची वीस-बावीस वर्षं भाड्याच्या खोल्यांतून अर्ज करत राहिले. १९६१ मध्ये अमेरिकेने त्यांना साठ लाख डॉलर भरपाई दिली, घर मात्र दिलं नाही. चिचिजिमावर अण्वस्त्रं ठेवली होती हे गोपनीयता उठलेल्या अमेरिकन कागदपत्रांतून नंतर कळलं.

इकडे बेटावर ॲडमिरल रॅडफर्डच्या नावाची इंग्रजी शाळा निघाली होती आणि मोठी मुलं पुढच्या शिक्षणासाठी ग्वामला जात. २६ जून १९६८ ला बेटं जपानला परत मिळाली आणि इंग्रजीत शिकलेल्या मुलांपुढे जपानी पाठ्यपुस्तकं आली. काही तरुण ग्वामला, अमेरिकेला निघून गेले. जुने रहिवासी चोवीस वर्षांनी परत येऊ लागले तेव्हा शेतांवर जंगल चढलेलं होतं.

माणसांच्या या ये-जा करण्याची किंमत बेटांच्या निसर्गाने मोजली. बीचीच्या माणसांनी १८२७ मध्ये मोठ्या चोचीच्या एका फिंच पक्ष्याचे नमुने गोळा केले होते. पुढच्या वर्षी रशियन मोहिमेलाही तो मिळाला. त्यानंतर तो पुन्हा कुणालाच दिसला नाही. सोडून दिलेल्या शेळ्यांनी याच रांगेतल्या नाकोदोजिमाचं रान इतकं खाल्लं की लाल माती समुद्रात वाहून गेली. अमेरिकन काळात आलेल्या हिरव्या अनोल सरड्याने चिचिजिमावरचे स्थानिक कीटक संपवत आणले. २०११ मध्ये युनेस्कोने जागतिक वारसा ठरवला त्यात मोठा वाटा होता जमिनीवरच्या गोगलगायींचा. इथल्या शंभरेक जातींतल्या नव्वद टक्क्यांहून अधिक जगात दुसरीकडे कुठेच नाहीत. त्यांना खाणारा एक चपटा किडा चिचिजिमावर पसरला आहे, हाहाजिमावर नाही. म्हणून हाहाजिमाची बोट पकडताना प्रवाशांना बुटांचे तळवे स्वच्छ करावे लागतात. रानमांजरं मारत नाहीत. पिंजऱ्यात पकडून जहाजाने टोकियोला पाठवतात, तिथले पशुवैद्य त्यांना माणसाळवून घरं शोधून देतात. लाल डोक्याचं दुर्मीळ रानकबूतर त्यामुळे पुन्हा वस्तीजवळ दिसू लागलं आहे.

विमानतळाचा वाद याच गाठीत अडकला आहे. नव्वदच्या दशकात तो चिचिजिमाशेजारच्या अनिजिमावर बांधायचं ठरत होतं, तिथल्या दुर्मीळ वनस्पती पाहून योजना सोडली. मग चिचिजिमावरची जागा सुचवली, तीही २००१ मध्ये रद्द. वेगवान जहाजाचा बेत इंधनाच्या खर्चामुळे २००५ मध्ये बारगळला. बाळंतपणासाठी बायका आधीच मुख्य भूमीवर जातात, आणि अचानक गंभीर आजारी पडलेल्याला संरक्षण दलाच्या विमानाने हलवावं लागतं. वारसा जपा म्हणणं टोकियोत बसून सोपं आहे.

टोकियोला या बेटांची ओढ आहे ती पाण्यामुळे. जपानच्या सागरी आर्थिक क्षेत्राचा, म्हणजे ज्या समुद्रातल्या मासळी-खनिजांवर त्याचाच हक्क त्या पाण्याचा, जवळपास तिसरा हिस्सा एकट्या ओगासावारा गावाच्या नावावर जमा आहे. कारभारात ही सगळी बेटं, दूरची एकटी बेटंसुद्धा, मिळून एकच गाव. दीड चौरस किलोमीटरच्या मिनामितोरिशिमाभोवती समुद्रतळाच्या चिखलात दुर्मीळ मृदा धातू सापडले आहेत. ओकिनोतोरिशिमाची तर भरतीला जेमतेम दोन टोकं पाण्याबाहेर राहतात. ती झिजू नयेत म्हणून १९८७ पासून काँक्रीटची तटबंदी घातली आहे. समुद्रविषयक आंतरराष्ट्रीय कायदा सांगतो की माणसांची वस्ती किंवा स्वतःचं अर्थजीवन जिथे टिकू शकत नाही अशा खडकाला आर्थिक क्षेत्र मिळत नाही. चीन आणि दक्षिण कोरिया नेमकं तेच कलम दाखवतात, जपान ते बेटच असल्याचं सांगतो.

आणि जिथे वस्ती नांदत होती ती इवो जिमा आज रिकामी आहे. युद्धापूर्वी तिथे हजारभर लोक ऊस पिकवत आणि गंधक काढत. १९४५ च्या फेब्रुवारी-मार्चमधल्या लढाईत सुमारे एकवीस हजार जपानी आणि सात हजारांच्या आसपास अमेरिकन मेले. लढायला ठेवून घेतलेल्या शंभरावर गावकऱ्यांतले बहुतेक त्यात होते. हजारो जपानी सैनिकांची हाडं अजून भुयारांत आहेत. ज्वालामुखीमुळे जमीन सतत वर येते आहे आणि अमेरिकनांनी धक्क्यासाठी किनाऱ्यालगत बुडवलेली जहाजं आता कोरड्या वाळूवर गंजत पडली आहेत. १९८४ मध्ये सरकारी समितीने ठरवलं की ज्वालामुखीचा धोका आणि धंद्याचा अभाव पाहता इथे पुन्हा वस्ती करणं अवघड आहे. संरक्षण दलाचा तळ मात्र चालू आहे. २००७ मध्ये जुन्या रहिवाशांच्या मागणीवरून नकाशावरचा उच्चार बदलून युद्धाआधीचा ‘इओतो’ केला गेला. मूळ गावकरी आणि त्यांची मुलं-नातवंडं सरकारी परवानगीने श्राद्धापुरती तिथे जाऊ शकतात, राहायला नाही.