वारस प्रमाणन विवाद (ग्रामीण विदर्भ)

मृत व्यक्तीचे कायदेशीर वारस कोण, हे शासकीय कागदावर ठरविताना उद्भवणारे वाद. बोलण्यात ‘वारस दाखला’ हा एकच शब्द तीन वेगळ्या कागदांना लावतात : महसूल दप्तरातील वारस नोंद (गाव नमुना ६-क, त्यावरून फेरफार, म्हणजे हक्कबदलाची नोंद), भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ च्या कलम ३७२ खालील उत्तराधिकार प्रमाणपत्र, आणि १८२७ च्या मुंबई विनियम ८ खालील वारस प्रमाणपत्र. पहिला शेतजमिनीपुरता, दुसरा येणी व रोख्यांपुरता. बरीच भांडणे या सरमिसळीतूनच उभी राहतात.

उगम : विदर्भातील प्रथा १८२७ च्या विनियमापासून मोजण्याचा मोह होतो, पण तो टाळावा. विनियम मुंबई इलाख्याचा. त्या वेळी नागपूर भोसल्यांकडे आणि वऱ्हाड निजामाकडे होते. वऱ्हाड १८५३ च्या तहाने इंग्रजांच्या कारभाराखाली आले व तेथे, साधारण १८६० नंतर, मुंबईच्या धर्तीवर खातेदारी (प्रत्येक खातेदाराकडून थेट सारा घेण्याच्या) पद्धतीची मोजणी झाली. नागपूर-भंडारा-चांदा भागात मात्र मालगुजारी होती, म्हणजे गावाचा सारा मालगुजारामार्फत भरला जाई. तेथे गावाच्या हक्कांची नोंद मालगुजाराभोवती फिरे आणि कुळाचा (जमीन कसणाऱ्याचा) वारसा बव्हंशी गावकीच्या माहितीवर चाले. मालगुजारी १९५० च्या मध्य प्रदेश अधिनियमाने संपली. १९५६ मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला, तरी एकच संहिता १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमानेच मिळाली. म्हणून आजच्या वारस नोंदीचे मूळ न्यायालयापेक्षा पटवारी दप्तरात मानणे अधिक सयुक्तिक दिसते. तलाठ्याला (२०२४ पासून ‘ग्राम महसूल अधिकारी’) गावात आजही पटवारीच म्हणतात, हे त्याला पूरकच. पूर्व विदर्भातील जुन्या प्रकरणांत अधिकार अभिलेख पंजी (जमिनीच्या हक्कांची जुनी नोंदवही) व कोतवाल बुकाची (गावच्या जन्म-मृत्यू नोंदवहीची) नक्कल हे पुरावे वारंवार येतात, ते याच वारशामुळे.

कार्यपद्धती : महसूल अधिनियमाच्या कलम १४९ नुसार हक्क मिळाल्यापासून तीन महिन्यांत वर्दी (सूचना) द्यावयाची असते. मृत्यू दाखला व वंशावळीचे प्रतिज्ञापत्र जोडतात, नोटीस निघते, हरकत आली तर प्रकरण नमुना ६-अ मध्ये, म्हणजे विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत जाते. निर्णयावर कलम २४७ खाली अपील. नोंद खरी असल्याचे गृहीत धरतात (कलम १५७), पण ते खंडनीय असते. फेरफाराने मालकी ठरत नाही, ती दिवाणी न्यायालयात ठरते, असे न्यायालयांनी पुन्हापुन्हा म्हटले आहे. उत्तराधिकार प्रमाणपत्राचा निर्णयही पुढील दाव्यास आडवा येत नाही (उत्तराधिकार अधिनियम, कलम ३८७).

वादाची कारणे : लग्न झालेल्या लेकीचे नाव वंशावळीतून गाळणे हे सर्वांत परिचित. माहेरचे नाव कोतवाल बुकात, सासरचे आधारवर; दोन्ही एकाच बाईची आहेत हे सिद्ध करायला ती तहसीलच्या खेपा घालते, आणि तोवर भावाने फेर करून घेतलेला असतो. पाट लावलेल्या (रूढीने पुनर्विवाह केलेल्या) पत्नीबाबत प्रश्न असतो तो आधीची फारकत (रूढीचा घटस्फोट) खरी होती काय हा. रूढीने झालेली फारकत हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम २९(२) ने राखली असली, तरी रूढी सिद्ध करावी लागते. दत्तकाचे दावेही आढळतात.

शेतकरी आत्महत्येच्या प्रकरणांत प्रश्न निराळाच. २००५-०६ च्या शासन निर्णयांनी वारसांना १ लाख रुपये (३० हजार हाती, ७० हजार ठेवीत) मदत ठरली. सातबारा सासऱ्याच्या नावे आणि पेरणी मुलाची, अशा घरात मृत हा ‘शेतकरी’च ठरत नसे, विधवेला आधी नवऱ्याचे शेतकरीपण आणि मग स्वतःचे वारसपण दाखवावे लागे.

आदिवासी : मेळघाट, गडचिरोली भागातील अनुसूचित जमातींना हिंदू उत्तराधिकार अधिनियम आपोआप लागू नाही (कलम २(२)). २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने छत्तीसगडमधील एका गोंड कुटुंबाच्या खटल्यात स्त्रीवारसांचा समान हिस्सा मान्य केला.

अलीकडील : बुलढाणा जिल्ह्यात सुरू झालेली ‘जिवंत सातबारा’ मोहीम १ एप्रिल २०२५ पासून राज्यभर राबविण्यात आली. मृत खातेदारांची नावे कमी करून वारसांची लावणे हा तिचा उद्देश. आजोबाच्या नावे राहिलेल्या शेतात मात्र एकदम दोन पिढ्यांची वंशावळ मांडावी लागते.